सरकारी पैशावर चालणारं प्रसारण स्वतंत्र राहू शकतं का?

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडतो, म्हणजे उत्तर कशाचं देतोय ते स्पष्ट राहील. दूरदर्शन आणि आकाशवाणी सरकारी अनुदानावर चालतात, खासगी वाहिन्यांना परवाना सरकारच देतं, मग आपल्याकडची माध्यमं स्वतंत्र आहेत या म्हणण्याला अर्थ काय? त्यापेक्षा सरकारनं या क्षेत्रातून अंग काढून घ्यावं आणि सार्वजनिक प्रसारण बंद करावं, हे बरं नाही का? पत्रकारितेच्या वर्गात यावर वाद झाला आणि दोन्ही बाजू अर्ध्याच पटल्या, असं तुम्ही लिहिलंय.

मी वकील आहे. मुंबईत सत्तावीस वर्षं वकिली करतोय, आणि त्यातली बरीचशी माध्यमांच्या प्रकरणांत गेली. तालुक्याचे केबलचालक, साप्ताहिकांचे संपादक, सामुदायिक रेडिओ चालवणाऱ्या संस्था हे माझे पक्षकार. त्यामुळे कायदा संसदेत कसा मांडला जातो यापेक्षा तो एखाद्याच्या दारात नोटीस होऊन किंवा फोन होऊन कसा येतो, हे मी जास्त पाहिलंय. माझं उत्तर त्या बाजूनं येणार आहे.

‘सरकारचं नियंत्रण हवं की नको’ या प्रश्नावर वाद घालून हाती काही लागत नाही. ध्वनिलहरींचं वाटप कोणीतरी करायला हवं, निवडणुकीच्या काळातले नियम कोणीतरी करायला हवेत, आणि सार्वजनिक प्रसारण असेल तर त्याचा पैसा लोकांच्याच खिशातून यायला हवा. जगातली प्रत्येक लोकशाही हे करते. माझ्या मते खरा प्रश्न वेगळा आहे: सरकारला यातलं काय काय कारण न देता, गुपचूप करता येतं? जिथे कारण लिहावं लागतं, सही करावी लागते आणि तो कागद घेऊन कोर्टात जाता येतं, तिथे सरकारकडे अधिकार असूनही माध्यमं तग धरतात. जिथे ते लागत नाही, तिथे कायद्याच्या पहिल्या पानावर ‘स्वायत्त’ असं मोठ्या अक्षरांत छापलेलं असलं तरी उपयोग होत नाही.

एक प्रसंग सांगतो. बऱ्याच वर्षांपूर्वी, नगरपालिकेच्या निवडणुकीच्या तोंडावर, माझ्या एका केबलचालक पक्षकाराला एका सरकारी कार्यालयातून फोन आला: तुमची लोकल वाहिनी चार दिवस बंद ठेवा. त्यानं सर्वसाधारण सभेचं चित्रण जसंच्या तसं दाखवलं होतं, एवढंच. घाबरून त्यानं वाहिनी बंद केली आणि मग माझ्याकडे आला. मी त्याला एका ओळीचं पत्र लिहून दिलं: ‘आपला आदेश लेखी मिळाल्यास त्याचं तंतोतंत पालन करू.’ ते आवक-जावकला देऊन पोच घ्यायला सांगितलं. लेखी आदेश आलाच नाही. तिसऱ्या दिवशी वाहिनी सुरू झाली. १९९५ च्या केबल कायद्यानं जिल्हाधिकारी, प्रांत, पोलीस आयुक्त यांना प्रसारण थांबवण्याचे आणि उपकरणं ताब्यात घेण्याचे अधिकार दिलेत. ते वापरायचे तर त्याखाली नाव घालावं लागतं. फोनवरच्या आवाजाविरुद्ध अपील कुठे करणार?

आता छापील माध्यमांपासून सुरुवात करू, कारण तिथे आपल्या मराठी मुलखातलाच दाखला आहे. १९५६ चा एक कायदा आणि त्याखाली १९६० साली निघालेला आदेश यांनी वर्तमानपत्राची किंमत आणि पानांची संख्या यांची सांगड घातली होती. अमुक पैशांत अमुकच पानं. जास्त पानं हवीत तर किंमत वाढवा. हेतू सांगितला गेला तो छोट्या वर्तमानपत्रांना मोठ्यांच्या स्पर्धेपासून वाचवण्याचा. पुण्याचा ‘सकाळ’ याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेला. एकाही बातमीला कात्री लागली नव्हती, एकाही संपादकाला अटक झाली नव्हती. तरी न्यायमूर्ती मुधोळकरांनी लिहिलेल्या निकालानं तो कायदा आणि आदेश रद्द ठरवले. किंमत वाढवली की खप घटतो, पानं कमी केली की मजकूर घटतो, आणि किती लोकांपर्यंत पोहोचायचं हाही अभिव्यक्तीचाच भाग आहे, असं न्यायालय म्हणालं. १९६२ चा ‘सकाळ’ खटला म्हणून तो ओळखला जातो. मी शिकाऊ वकिलांना तो सर्वांत आधी वाचायला लावतो. माध्यमांवरचा दाब बंदीच्या रूपात क्वचित येतो, तो कागद, किंमत, जाहिरात असल्या व्यवहारी गोष्टींतून येतो, हे त्यातून नीट समजतं.

प्रसारणाची गोष्ट वेगळी. छापखाना कोणीही टाकू शकतो, ध्वनिलहरी मर्यादित. आपल्याकडे नियमित रेडिओ सुरू झाला तो २३ जुलै १९२७ रोजी मुंबईत, एका खासगी कंपनीच्या हातून. ती तीनच वर्षांत बुडाली आणि सरकारनं केंद्रं ताब्यात घेतली. तेव्हापासून मालकही सरकार आणि परवाना देणारंही सरकार, तेही १८८५ च्या तार कायद्याच्या आधारानं. आणीबाणीत याचा अर्थ सगळ्या देशानं अनुभवला. त्यानंतर आलेल्या जनता सरकारनं बी. जी. वर्गीस यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली आणि तिनं १९७८ साली स्वतंत्र विश्वस्त संस्थेची शिफारस केली. विधेयक आलं, पण त्या लोकसभेबरोबर ते मावळलं.

पुढचं मोठं वळण क्रिकेटमुळे आलं. १९९३ च्या हीरो कपचं प्रक्षेपण कोण करणार यावरून बंगालची क्रिकेट संघटना आणि दूरदर्शन यांच्यात वाद झाला, आणि ९ फेब्रुवारी १९९५ ला सर्वोच्च न्यायालयानं निकाल दिला. न्यायमूर्ती पी. बी. सावंत यांनी त्यात ध्वनिलहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे असं स्पष्ट म्हटलं. त्यांच्यावर सरकारची मक्तेदारी चालणार नाही, आणि ज्याच्याकडे पैसा त्याचीही नाही. समाजातल्या सर्व घटकांचं प्रतिनिधित्व असलेलं एक स्वायत्त प्राधिकरण सरकारनं तातडीनं स्थापन करावं, असा आदेशही होता. त्याला तीस वर्षं उलटून गेली. दूरसंचार नियामक ‘ट्राय’कडे २००४ पासून वाहिन्यांचे दर आणि जोडणीचे प्रश्न आले, पण निकालात म्हटलेलं प्राधिकरण अजून उभं राहिलेलं नाही. परवाना आजही मंत्रालयच देतं.

आता प्रसार भारती, म्हणजे दूरदर्शन आणि आकाशवाणी चालवणारी संस्था. तुमचा प्रश्न मुख्यतः याबद्दलच आहे, म्हणून इथे जरा थांबतो.

१९९० चा प्रसार भारती कायदा वाचायला घेतलात तर सुरुवातीला समाधान वाटेल. अध्यक्ष आणि सदस्यांची निवड एक समिती करते: राज्यसभेचे सभापती, भारतीय वृत्तपत्र परिषदेचे अध्यक्ष आणि राष्ट्रपतींनी नेमलेली एक व्यक्ती. गैरवर्तनाच्या कारणावरून अध्यक्षांना काढायचं तर आधी सर्वोच्च न्यायालयाची चौकशी लागते. विद्यार्थी बोट ठेवतात ते कलम २३ वर, कारण त्यात केंद्र सरकार ‘हे प्रसारित करा’ किंवा ‘हे करू नका’ असा निर्देश देऊ शकतं. माझं मत उलट आहे. कलम २३ हे त्या कायद्यातलं सर्वांत कमी धोक्याचं कलम आहे. कारण त्याखालचा निर्देश देशाची सुरक्षा, सार्वजनिक सुव्यवस्था अशा ठरावीक कारणांसाठी किंवा सार्वजनिक महत्त्वाच्या विषयासाठीच देता येतो, प्रसार भारती ‘हे आम्ही सरकारच्या निर्देशावरून सांगत आहोत’ असं श्रोत्यांना जाहीरपणे सांगू शकते, आणि निर्देशाची प्रत संसदेपुढे ठेवावी लागते. दार दिसतं आहे, त्यावर पाटी आहे, आत कोण गेलं याची नोंद राहते. अशा दारानं कोणी फारसं येत-जात नाही.

धोका दुसरीकडे आहे. पहिली गोष्ट, हा कायदा संमत झाला १९९० मध्ये आणि अमलात आला सप्टेंबर १९९७ मध्ये. मधली सात वर्षं तो कपाटात राहिला, कारण ‘सरकार अधिसूचनेनं ठरवील त्या तारखेपासून’ तो लागू होईल असं एक साधं वाक्य पहिल्याच कलमात होतं. वेगवेगळ्या पक्षांची सरकारं त्या काळात येऊन गेली, ती तारीख कोणी घातली नाही. दुसरी गोष्ट, तक्रारी ऐकण्यासाठी कायद्यात एक प्रसारण परिषद आहे आणि देखरेखीसाठी बावीस खासदारांची संसदीय समिती आहे. दोन्ही कागदावरच राहिल्या. कायद्यातलं भरती मंडळ प्रत्यक्षात यायला २०२० उजाडलं. जुने बहुतेक कर्मचारी सरकारी कर्मचारीच राहिले, प्रसार भारतीकडे प्रतिनियुक्तीवर असल्यासारखे. भरती आणि सेवाशर्तींचे नियम ठरवताना केंद्राच्या मान्यतेला वळसा घालता येत नाही. आणि पगाराचा पैसा दरवर्षीच्या अनुदानातून येतो.

म्हणजे बघा: निवेदकानं काय वाचावं यावर सरकारला एक ओळही लिहावी लागत नाही. ज्याची बढती, बदली आणि पगार एकाच दिशेनं येतो, तो माणूस त्या दिशेला कान देऊनच काम करतो. त्यात त्याचा दोष नाही. आकाशवाणीत आयुष्य घालवलेली फार निष्ठेनं काम करणारी माणसं मी ओळखतो. पहाटे चारला उठून बातमीपत्र तयार करणारी, एका उच्चारासाठी तीन ठिकाणी विचारणारी. रचना त्यांच्या पाठीशी उभी नाही, हे माझं म्हणणं.

जून २०२३ मधली एक गोष्ट महाराष्ट्रातल्या वाचकांना आठवत असेल. आकाशवाणी पुण्याचा प्रादेशिक वृत्तविभाग बंद करून त्याचं काम छत्रपती संभाजीनगरला हलवण्याचा निर्णय झाला. पुण्यातून विरोध झाला, सर्वपक्षीय नेते बोलले आणि केंद्रीय माहिती व प्रसारण मंत्र्यांनी त्या निर्णयाला स्थगिती दिली. श्रोता म्हणून मला मनापासून आनंद झाला. पण वकील म्हणून मी त्या बातमीकडे पुन्हा पाहिलं. स्वायत्त संस्थेचा निर्णय मंत्र्यांच्या एका शब्दावर थांबला. या वेळी तो शब्द आपल्या बाजूचा होता. उद्या एखादं चांगलं बातमीपत्र थांबवायचं असेल तर तोच शब्द तेवढाच पुरेल. श्रोत्यांनी दाद मागावी अशी प्रसारण परिषद अस्तित्वात असती तर लोक तिच्याकडे गेले असते.

दूरदर्शन-आकाशवाणीला ‘संरक्षण’ नाही असं कोणी म्हटलं की दुसरी बाजू लगेच यादी वाचते. केबलवाल्यानं दूरदर्शनच्या ठरावीक वाहिन्या दाखवल्याच पाहिजेत. २००७ च्या कायद्यानुसार राष्ट्रीय महत्त्वाच्या सामन्यांचं प्रक्षेपण खासगी हक्कधारकानं प्रसार भारतीला द्यायलाच हवं, जाहिरातीचं उत्पन्न मग टीव्हीसाठी ७५:२५ असं वाटलं जातं. यंत्रसामग्रीसाठी २०२३ मध्ये २,५३९ कोटींहून अधिक रकमेची योजना मंजूर झाली. हे सगळं खरं आहे आणि हवंच आहे. पण ही पोहोचीची तरतूद झाली. मनोरा उंच झाला म्हणून त्यावरून काय बोललं जाईल ते बदलत नाही. वर्गातल्या वादात या दोन गोष्टींची गल्लत झाली असावी, असं तुमच्या लिहिण्यावरून वाटतं.

मग हे कोणाला जमलंय का? पूर्णपणे कोणालाच नाही. पण जर्मनीकडून शिकण्यासारखं बरंच आहे, कारण नाझी राजवटीत रेडिओ हा सरकारी हत्यार म्हणून वापरला गेल्याचा अनुभव त्यांच्या गाठीशी होता. १९६१ साली चॅन्सेलर आडेनाउअर यांनी केंद्र सरकारच्या हातातली एक दूरचित्रवाणी कंपनी काढायचा घाट घातला. तिथल्या घटना न्यायालयानं ती घटनाबाह्य ठरवली: प्रसारण सरकारच्या कह्यात असू शकत नाही. पैशाची व्यवस्था तिथे अशी आहे की प्रत्येक घर महिन्याला एक वर्गणी भरतं, २०२१ पासून १८.३६ युरो. ती किती असावी हे मंत्री ठरवत नाही. तज्ज्ञांचा एक स्वतंत्र आयोग हिशेब तपासून शिफारस करतो आणि सोळा राज्यांनी ती मान्य करायची असते. डिसेंबर २०२० मध्ये झाक्सन-आनहाल्ट या एका राज्यानं वाढ अडवली. प्रकरण न्यायालयात गेलं आणि पुढच्याच वर्षी न्यायालयानं वाढ लागू केली. शिफारशीपासून दूर जायचं तर पटण्याजोगं कारण द्यावं लागेल, नुसतं ‘आमची संमती नाही’ पुरणार नाही, असं त्याचं म्हणणं.

नेमणुकांबाबतही तसंच. ‘झेडडीएफ’ या वाहिनीच्या मुख्य संपादकांचा करार २००९ मध्ये राजकीय दबावामुळे पुढे वाढवला गेला नाही, त्यावरून मोठं वादळ उठलं. २०१४ साली न्यायालयानं ठरवून दिलं की देखरेख मंडळात सरकार आणि राजकारणाशी संबंधित सदस्य एकतृतीयांशाहून जास्त नकोत. बाकीचे चर्च, कामगार संघटना, शेतकरी, क्रीडा संस्था अशा ठिकाणांहून येतात.

ब्रिटनचं नाव सगळे घेतात, पण मला ती रचना तितकी भक्कम वाटत नाही. बीबीसीची सनद ठरावीक वर्षांची असते, आताची २०२७ अखेर संपते, आणि परवाना शुल्क किती हे मंत्र्यांशी वाटाघाटी करून ठरतं. २०१५ मध्ये पंचाहत्तरीपुढच्यांच्या मोफत परवान्याचा भार अशाच बंद दारामागच्या बोलण्यांतून बीबीसीवर टाकला गेला. तिथलं स्वातंत्र्य बरंचसं परंपरेवर आणि लोकांच्या जागरूकतेवर टिकून आहे. परंपरा उसनी आणता येत नाही, कलमं आणता येतात.

उलट्या दिशेचे दाखलेही लक्षात ठेवा. ग्रीसमध्ये ११ जून २०१३ च्या रात्री सरकारनं सार्वजनिक वाहिनीचे पडदे एका आदेशानं काळे केले. ती पुन्हा सुरू व्हायला दोन वर्षं गेली. पोलंडमध्ये २०१५ नंतरच्या सरकारनं कायदा बदलून सार्वजनिक वाहिनी आपल्या माणसांच्या हाती दिली, आणि डिसेंबर २०२३ मध्ये आलेल्या विरोधी सरकारनं ती सोडवण्यासाठी व्यवस्थापन हटवून कंपनीच अवसायनात काढली. हेतू चांगला असेलही, पण रस्ता पुन्हा सरकारी आदेशाचाच होता. अमेरिकेत सार्वजनिक प्रसारणाचा पैसा दोन वर्षं आगाऊ मंजूर करण्याची पद्धत मुद्दाम ठेवली होती, म्हणजे चालू राजकारणाचा वारा लागू नये. जुलै २०२५ मध्ये तिथल्या संसदेनं, म्हणजे काँग्रेसनं, आधी मंजूर केलेले सुमारे १.१ अब्ज डॉलर परत घेतले आणि हा पैसा वाटणारी, १९६७ च्या कायद्यानं उभी राहिलेली संस्था आवरायला घ्यावी लागली.

इथवरचा धागा असा: पैसा, नेमणूक आणि सेवाशर्ती या तिन्ही ठिकाणी सरकारला ‘नाही’ म्हणण्याचा अधिकार असू शकतो, पण तो कारणांसकट, उघड्यावर आणि कोणाच्या तरी तपासणीखाली वापरावा लागला पाहिजे. आपल्याला यासाठी जर्मनीची नक्कल करायची गरज नाही. आपल्या राज्यघटनेत वित्त आयोग आहे. तो दर पाच वर्षांनी केंद्र आणि राज्यांमधली वाटणी सुचवतो, आणि त्या शिफारशींवर सरकारनं काय केलं याचं निवेदन संसदेपुढे ठेवावं लागतं. प्रसार भारतीच्या अनुदानासाठी असाच पाच वर्षांचा छोटा आयोग का असू नये? घरटी शुल्क आपल्याकडे चालेल असं मला वाटत नाही. जुन्या पिढीला रेडिओच्या परवान्याचं ते पोस्टातलं पुस्तक आठवत असेल. ती पद्धत मोडीत निघाली आणि आता प्रत्येक घरावर असा भार टाकणं गरिबाला जाचक होईल. अनुदान राहू दे, फक्त त्याचा आकडा दरवर्षीच्या मर्जीवर नको.

आणि नियम बाहेरच्या संस्थेनं लिहिला तर सार्वजनिक प्रसारण निष्पक्ष चालतं, याचा पुरावा आपल्याकडेच आहे. १९९८ पासून निवडणूक आयोगाच्या योजनेनुसार मान्यताप्राप्त पक्षांना आकाशवाणी-दूरदर्शनवर मोफत वेळ मिळतो. काही वेळ सर्वांना सारखा, उरलेला मागच्या निवडणुकीतल्या मतांच्या प्रमाणात, आणि क्रम चिठ्ठ्या टाकून. सत्तेत कोणीही असो, त्या चिठ्ठीपुढे सगळे सारखे.

खासगी वाहिन्यांच्या नियमनालाही मी हीच कसोटी लावतो. २६ नोव्हेंबर २००८ च्या हल्ल्यात कमांडो कुठून उतरताहेत हे वाहिन्या थेट दाखवत होत्या. मी तेव्हा मुंबईतच होतो, ते आठवलं की आजही अंगावर काटा येतो. कसाबच्या खटल्यातल्या २०१२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयानं या प्रक्षेपणावर कडक शब्दांत टीका केली. पुढे केबल नियमांत तरतूद आली की दहशतवादविरोधी कारवाई चालू असताना थेट चित्रण करायचं नाही, नेमलेला अधिकारी वेळोवेळी माहिती देईल. मला हा नियम योग्य वाटतो. कधी, काय आणि किती काळ हे त्यात नेमकं आहे. पण त्याच नियमावलीत ‘अभिरुचीला धक्का देणारे’, ‘अर्धसत्य असलेले’ कार्यक्रम नकोत असंही म्हटलंय. अभिरुची कोणाची? असे सैल शब्द नोटीस काढणाऱ्याच्या सोयीचे असतात.

मल्याळम भाषेतल्या ‘मीडिया वन’ वाहिनीचं प्रकरण तर मुळापासून वाचा. गृह मंत्रालयानं सुरक्षा मंजुरी नाकारली, म्हणून २०२२ मध्ये परवान्याचं नूतनीकरण झालं नाही, आणि कारण न्यायालयाला सीलबंद लिफाफ्यात दिलं गेलं. वाहिनीला आपल्यावर आरोप काय हेच कळेना. ५ एप्रिल २०२३ ला सर्वोच्च न्यायालयानं तो निर्णय रद्द केला: ‘राष्ट्रीय सुरक्षा’ एवढे दोन शब्द उच्चारून नैसर्गिक न्यायाला, म्हणजे आरोप सांगून बाजू मांडू देण्याच्या तत्त्वाला, बगल देता येणार नाही. त्यानंतर आपल्या मुंबई उच्च न्यायालयात दुसरी लढाई झाली. केंद्र सरकारच्या कारभाराविषयी ऑनलाइन काय खोटं आहे हे सरकारचाच तथ्य-तपासणी कक्ष ठरवील, असा नियम २०२३ मध्ये आला होता. दोन न्यायमूर्तींमध्ये मतभेद झाले, तिसऱ्या न्यायमूर्तींकडे प्रकरण गेलं आणि सप्टेंबर २०२४ मध्ये तो नियम रद्द ठरला.

ज्याबद्दल फारसं बोललं जात नाही पण मला सर्वांत जास्त खुपतं ते रेडिओचं. आपल्याकडे खासगी एफएम केंद्राला आणि सामुदायिक रेडिओला स्वतःच्या बातम्या देता येत नाहीत. द्यायच्याच तर आकाशवाणीचं बातमीपत्र जसंच्या तसं ऐकवायचं. दुष्काळी भागातल्या एका सामुदायिक रेडिओसाठी मी हे नियम मराठीत समजावून दिले होते. वीज कधी जाणार, पाणी कधी येणार, परीक्षेचे निकाल, जत्रा, हवामान हे चालतं, कारण ती ‘बातमी’ मानली जात नाही. तिथली निवेदिका, बचत गटातून आलेली बाई, मला म्हणाली, “म्हणजे टँकर मंगळवारी येणार हे सांगायचं, आणि मागच्या मंगळवारी का आला नाही हे नाही सांगायचं?” तिला उत्तर देताना माझ्याकडे कायद्याचं कलम होतं, समर्थन नव्हतं. मोठ्या लोकशाहींत अशी बंदी शोधून सापडणं कठीण. वर्तमानपत्र काढायला, वाहिनीवर वृत्त द्यायला, मोबाइलवर काहीही पसरवायला मुभा आहे, आणि ज्या माध्यमासाठी अक्षरओळखही लागत नाही त्यावर मात्र बातमीचा एकच स्रोत.

सरकारी जाहिरातींबद्दल थोडक्यात. जिल्ह्यातल्या छोट्या दैनिकाचा संसार शासनमान्य यादीवर आणि त्यातल्या अ, ब, क वर्गावर चालतो. जाहिरात थांबली तर ती का थांबली हे सांगायला कोणी बांधील नसतं. ‘सकाळ’ खटल्यात पानांबाबत जे झालं तेच इथे जाहिरातीबाबत होऊ शकतं, फक्त इथे रद्द करून घ्यायला आदेशाचा कागदही हाती नसतो. वाटपाचा तपशील दर महिन्याला आपणहून प्रसिद्ध करणं सक्तीचं झालं तर निम्मा प्रश्न सुटेल, असा माझा अनुभव सांगतो.

स्वनियमन पुरेसं आहे का, असंही तुम्ही विचारलंत. वृत्तपत्र परिषद ताशेरे ओढू शकते, दंड करू शकत नाही, आणि टीव्ही तिच्या कक्षेत नाही. वृत्तवाहिन्यांच्या संघटनेनं नेमलेलं प्राधिकरण जास्तीत जास्त एक लाख रुपये दंड करत आलंय. ऑगस्ट २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानंही या रकमेच्या परिणामकारकतेवर प्रश्न उभा केला. जी वाहिनी एका संध्याकाळच्या चर्चेत यापेक्षा कितीतरी जास्त कमावते तिला याचं भय कसलं? तरीही दंडाचा अधिकार मंत्रालयाकडे द्या, असं मी म्हणणार नाही. १९९५ च्या निकालातलं स्वायत्त प्राधिकरण हाच माझ्या दृष्टीनं मार्ग आहे.

काही गोष्टी मात्र परिस्थितीवर अवलंबून आहेत, आणि तिथे मी ठाम सांगू शकत नाही. न्यायालयं वेळेत निकाल देत नसतील तर उत्तम कलमंही निकामी होतात. ‘मीडिया वन’ला न्याय मिळाला पण वर्षाहून जास्त काळ लागला, आणि छोटी वाहिनी तेवढ्यात बंद पडली असती. बाजारात मोजकेच उद्योगसमूह उरले असतील तर सरकारनं हात काढून घेणं म्हणजे सगळं त्यांच्या हाती देणं होतं. म्हणूनच ‘बंदच करा’ हे मला पटत नाही. आकाशवाणी २३ भाषा आणि १७९ बोलींत बोलते. कोकण किनाऱ्यावरच्या मच्छीमाराला हवामानाचा इशारा देण्यातून, मेळघाटातल्या माणसाशी त्याच्या बोलीत बोलण्यातून जाहिरातदाराला काही मिळत नाही. ते काम बाजार उचलणार नाही.

पुढच्या तासाला वाद पुन्हा रंगणार असेल तर एक करून पाहा. प्रसारण सेवा विधेयकाचा मसुदा नोव्हेंबर २०२३ मध्ये सर्वांच्या हरकतींसाठी प्रसिद्ध झाला होता. २०२४ चा सुधारित मसुदा निवडक लोकांपुरताच फिरला आणि ऑगस्टमध्ये मागे घेतला गेला. २०२३ चा तो मसुदा आणि १९९० चा प्रसार भारती कायदा शेजारी शेजारी ठेवा. उद्देशिका सोडून द्या, शेवटच्या पानांपासून मागे वाचत या. ‘विहित केल्याप्रमाणे’ (म्हणजे सरकार पुढे नियमांनी ठरवील तसं) आणि ‘केंद्र सरकारच्या पूर्वमान्यतेनं’ हे शब्द जिथे जिथे येतील तिथे पेन्सिलीनं खूण करा. मग प्रत्येक खुणेपुढे लिहा: इथे कारण द्यावं लागतं का, आणि द्यावं लागलं तर कोणाला?